महिला मंडळात मूकपट दाखवायचाय: ‘इट’ (१९२७) चालेल का?

गोदाकाठ, नाशिक:
कॉलेज रोडच्या एका हॉलमध्ये साठ-सत्तर जणी असतील. दुकानातली पोरगी मालकाला पटवते, यावर चर्चा रंगेल का? मधे मधे पडद्यावर येणाऱ्या संवादांच्या इंग्रजी पाट्या निम्म्या जणींना जड जातील. पेटी-तबलावाले आहेत.

रीळवाला:
रंगेल, पण ‘पटवते’वर अडकू नका. खरा पिक्चर बाळाच्या प्रसंगापासून सुरू होतो. मैत्रिणीचं तान्हं बाळ समाजसेविका उचलून नेणार, तेवढ्यात बेटी लू, म्हणजे तीच दुकानातली पोरगी, ‘हे माझं’ म्हणून ठोकून देते. मालकाच्या कानावर जातं. मग तो लग्नाचं नाव काढत नाही, हिरे-दागिने देऊन तिला ठेवून घ्यायला मात्र तयार! पुढे यॉटवर तो लग्नाची मागणी घालतो, तेव्हाही बाळाचं खरं त्याला ठाऊक नसतं, आणि ती त्याला झिडकारते. तरी पिक्चरचा धीर सुटतोच. बाळाचा उलगडा झाल्याशिवाय मिलन नाही. असं का? चर्चेला हाच प्रश्न टाका.

आता तांत्रिक. लांबी साधारण ७२ मिनिटं, मध्यंतर नको. प्रिंट बरीच कमी मिनिटांची असेल तर काटछाट झालीय किंवा वेग चुकलाय. माणसं तुरुतुरु चालताना दिसली की वेगच. सेकंदाला १६ फ्रेमचं चित्रण २४ ने चालवलं की दीडपट पळतं. चित्र ४:३ आहे, ताणून पडदा भरू नका, नायिका जाडी दिसेल. १० फूट रुंद वाइड (१६:९) पडद्यावर चित्र साडेसात फुटांचंच येणार, बाजूला काळं राहू द्या.

पाट्यांना मराठी सबटायटल करता येतील, पण पाटी गेली की ओळही गेली पाहिजे, म्हणून मजकूर आटोपशीर हवा. त्यापेक्षा माइकवर एक वाचणारी बसवा. मूकपटांच्या काळीही थिएटरात पाट्या मोठ्याने वाचल्या जायच्या. तिला सगळ्या पाट्या क्रमाने लिहून द्या.

पेटीमास्तर:
कॉपीवरचा आवाज बंदच ठेवा. पिक्चर जुना असला तरी संगीत बहुधा नंतरचं, त्याचे हक्क वेगळे. बेटी लूला एकच मुखडा पुरे. ती अंगावरचाच ड्रेस कात्रीने कापून पार्टीचा करते, तिथे आणि कोनी आयलंडच्या जत्रेत द्रुत केरवा. ती मालकाच्या थोबाडीत देते तिथे तबल्यावर थाप मारायचा मोह होतो; मारू नका, गप्प राहा, हशा आपोआप येतो. पाटी वाचताना तबला बंद, पेटी फक्त सुरावर. वादकांचा दिवा पडद्याकडे तोंड करून नको.

पंचवटीकर:
फाळक्यांच्या नाशकात अमेरिकन पिक्चर?

रीळवाला:
सुरुवातीला पाच मिनिटं फाळक्यांवर बोला की. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये बाई मिळेना म्हणून तारामती साळुंके या पुरुषाने केली. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या. यानंतर ‘इट’ लावलात तर विषय वेगळा समजावावा लागणार नाही.