चौकातला बॅनर काढला ते बरोबर झालं की चूक? मोकळेपणाने बोला

चौकातलं कृषी केंद्र
आमचं गाव तालुक्याचं, नगरपंचायत झाली तरी चौकात उभं राह्यलं की खेडंच वाटते. एसटी स्टँडसमोर चार वर्षांआधी पोळ्याच्या करीच्या दिवशी एका 22 वर्षाच्या पोट्ट्याचा खून झाला. कारण काय तर गाडीले कट मारला. दोन्ही मोहल्ल्याचे पोरं पिऊन होते, त्यात कोणीतरी ऑनलाईन मागवलेला चाकू खिशात ठेवून फिरत होता, दहा मिनिटात सगळं संपलं.

तेव्हापासून दरवर्षी करीच्या दिवशी चौकात त्याचा मोठा बॅनर लागते. गॉगल घातलेला फोटो, मागं वाघ, खाली चाळीसएक मित्रांचे फोटो आणि मोठ्या अक्षरात "विसरलो नाही". सातवी आठवीचे पोरं शाळेतून येताना तिथं उभे राहून सेल्फी काढतात, तेच स्टेटसला ठेवतात. तिकडच्या मोहल्ल्यातला आरोपी जामिनावर सुटला तेव्हा फटाके फुटले, मिरवणूक निघाली. म्हणजे दोन्ही बाजूनं लाकडं टाकणं चालूच आहे. यावर्षी नगरपंचायतीनं बॅनर काढला, तेव्हापासून चौकात पोलिसांची गाडी उभी आहे.

माझं मत स्पष्ट आहे, काढला ते बरोबर केलं. घरच्यांनी घरी फोटोला हार घालावा, वर्षश्राद्ध करावं, कोणाची ना नाही. पण चौक सगळ्यांचा आहे, तिथं मेलेल्या पोराच्या नावानं जिवंत पोरं चेतवू नये. तुमच्या गावात असं काही असेल तर सांगा.

स्टँडवरचा
काका तुमचं दुकान समोरच हाय म्हणून तुमाले त्रास होते, सरळ सांगा ना. नेत्याच्या वाढदिवसाचा बॅनर पंधरा पंधरा दिवस लटकून राह्यते, हवेनं फाटून लोकाइच्या अंगावर पडते, तेव्हा नगरपंचायत झोपली राह्यते का? आमचा दोस्त जिनिंगमधे गाठी उचलाचा, रोजीवर. त्याच्या बापाजवळ भिंतीवर लावाले धड एक फोटो नोता, मोबाईलमधला काढून आम्ही मोठा केला, प्रत्येकानं दोनशे दोनशे टाकले. त्याच्या नावानं रस्ता होनार नाही, पुतळा होनार नाही. वर्षातून एक दिवस एक फ्लेक्स, तोही तुमच्या डोळ्यात खुपते. आन "विसरलो नाही" याचा अर्थ बदला असा तुमीच लावला. आमी विसरलो नाही म्हणजे विसरलो नाही, बस.

जुना तंटामुक्तीवाला
मी आमच्या गावच्या तंटामुक्त समितीचा अध्यक्ष होतो. गावातले तंटे गावातच मिटवायची ती मोहीम 15 ऑगस्ट 2007 ला निघाली, आर. आर. आबा गृहमंत्री होते. आज लोक तिला नावं ठेवतात, बक्षिसासाठी तडजोडी दाखवल्या म्हणतात, काही गावात तसं झालंही असेल. पण मी जे पाहिलं ते सांगतो.

आमच्याकडे दोन घरांचं धुऱ्यावरून, म्हणजे शेताच्या बांधावरून, वैर होतं. नांगराच्या एका तासाच्या रुंदीचा धुरा, त्यापायी एकाचा हात मोडला, दुसऱ्याच्या कपाशीच्या गंजीला आग लागली, तिसऱ्या पिढीत कुऱ्हाडीवर गोष्ट आली. दर अखाजीला घरातले म्हातारे पोरांना बसवून सगळं पहिल्यापासून सांगायचे, कोणी कोणाला कुठं मारलं. म्हणजे ज्या पोराचा जन्मही नव्हता त्यालाही आठवण. मग एका म्हाताऱ्याच्या मरणानंतर त्याच्या सुनेनं ठरवलं की माझ्या लेकरांपुढं ही कहाणी निघणार नाही. तिकडच्या बाईनंही तसंच केलं, दोघी एकाच बचत गटात होत्या. आज त्या दोन घरचे नातू एकाच ट्रॅक्टरवर वखरणी करतात. त्यांना विचारलं तर धुरा कुठून कुठं होता तेही सांगता येणार नाही.

म्हणून म्हणतो, विसरणं ही कमजोरी नाही. गावात एकाच विहिरीवर, एकाच दुकानात, एकाच स्मशानात जायचं आहे, रोज सगळं आठवत बसलं तर माणूस जगूच शकत नाही. बॅनर काढला, चांगलं केलं.

धानपट्टा
अध्यक्षसाहेब तुमच्या दोन घरांची गोष्ट आवडली, खरंच आवडली, पण ती बरोबरीच्या दोन घरांची आहे हे लक्षात घ्या. दोघांकडं वावर, दोघांकडं कुऱ्हाड. जिथं एक बाजू आख्खं गाव आणि दुसरी बाजू एक घर असते तिथं "विसरा" कोण कोणाला म्हणते?

मी भंडारा जिल्ह्यातला. खैरलांजी आमच्यापासून फार दूर नाही. 29 सप्टेंबर 2006, भोतमांगे या दलित कुटुंबातली आई सुरेखा, मुलगी आणि दोन मुलं गावातल्या जमावानं मारून टाकली, वडील भैयालाल तेवढे वाचले. सुरेखाबाईंनी एका मारहाणीच्या केसमधे आरोपी ओळखले होते, ते लोक जामिनावर सुटले त्याच दिवशी हे झालं. 2008 ला भंडाऱ्याच्या कोर्टानं आठ जणांना दोषी धरलं, सहा जणांना फाशी, 2010 ला हायकोर्टानं फाशीची 25 वर्षांची कैद केली. ॲट्रॉसिटीचं कलम दोन्ही ठिकाणी टिकलं नाही. भैयालाल 2017 च्या जानेवारीत नागपुरात वारले. त्यानंतर मी कितीतरी लोकांच्या तोंडून ऐकलं की आता किती दिवस तेच तेच, जिल्ह्याचं नाव खराब होते. जिल्ह्याच्या नावाची काळजी आहे, पण त्या चार नावांची नाही! चारातली चारही नावं न अडखळता सांगणारा माणूस मला आमच्या ऑफिसात एक सापडला नाही. सुरेखा, प्रियंका, रोशन, सुधीर. लिहून ठेवतो इथं.

तुमच्या चौकातल्या भांडणाची याच्याशी बरोबरी करत नाही, ते वेगळं. पण "विसरा" हा शब्द इतक्या सहज वापरू नका एवढंच.

माहेर चिमूर
बॅनरवरचा वाघ, गॉगल हे मलाही पटत नाही. पण मला दुसरंच बोलायचं आहे. आमच्या चिमूरला 16 ऑगस्टला क्रांती दिन असतो. 1942 ला नागपंचमीच्या दिवशी उठाव झाला, गोळीबारात आमचे लोक गेले, जमावाच्या हातून अधिकारी आणि पोलिसही मेले. लहानपणापासून दरवर्षी भाषणं ऐकली, राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांच्या भजनांनी गाव कसं पेटलं ते ऐकलं, अंगावर काटा यायचा. पण उठावानंतर फौज गावात शिरली आणि बायांवर जे अत्याचार झाले ते कोणी माइकवर सांगितल्याचं मला आठवत नाही. त्याची चौकशी व्हावी म्हणून गांधीजींचे सहकारी प्रा. भन्साळींनी 63 दिवस उपवास केला हे मला लग्न झाल्यावर, तेही वर्ध्याला एका म्हाताऱ्या बाईंकडून कळलं. इतकी मोठी गोष्ट आणि गावच्या पोरीला माहीत नाही.

मारलं कोणी, मेलं कोण एवढंच लक्षात ठेवतो आपण. त्या चौकात त्या दिवशी बायाही असतील, भाजीवाल्या, बसची वाट पाहणाऱ्या. त्यांना कोणी विचारलं का कधी?

23 नोव्हेंबर
आठवण काढली की दंगा होतेच असं काही नाही भाऊ. 1994 ला नागपूरच्या अधिवेशनावर गोवारी समाजाचा मोर्चा गेला, लाठीमार, चेंगराचेंगरी, 114 माणसं गेली, बाया आणि लेकरं जास्त. आमची आत्या त्यात होती. ती ढोरं चारायची, नागपूर तिनं त्या आधी पाह्यलं नव्हतं. आम्ही दरवर्षी 23 नोव्हेंबरला पहाटेच्या गाडीनं भाकरी बांधून जातो, सीताबर्डीवर स्मारकाजवळ फुलं ठेवतो, तिथंच गावोगावचे नातेवाईक भेटतात, दुपारच्या गाडीनं परत. कोणाच्या काचेला आजवर खडा लागला नाही आमच्याकडून. अनुसूचित जमातीच्या दर्जाची केस 2018 ला हायकोर्टात जिंकलो, 2020 ला सुप्रीम कोर्टात हरलो, तरी फुलं ठेवायला गेलोच. ते स्मारक नसतं तर आत्याचं नाव आमच्या घराबाहेर कोणी घेतलं नसतं. पोरांना बॅनर लावू द्या, फक्त वाघ काढा म्हणा.

नाव नको
मी त्याच गावची आहे. ज्याच्यावर केस आहे तो माझा भाऊ. तो निर्दोष आहे असं मी म्हणणार नाही, मला माहीत नाही, मी माहेरी नव्हते. माझ्या लहान भावाला वर्गात त्या बॅनरचा फोटो दाखवतात, तो आता नववीत आहे, शाळा सोडतो म्हणते. तो तर तेव्हा पाचवीत होता. आणि आमच्याच मोहल्ल्यातले लोक त्याच्या पाठीवर थाप मारून वाघाचा भाऊ म्हणतात, त्याची मला जास्त भीती वाटते. फटाके आमच्या घरच्यांनी फोडले नव्हते. माझी आई त्या दिवशी घराबाहेर निघाली नाही. एवढंच सांगायचं होतं.

स्टँडवरचा
ताई तुमच्या लहान भावाले आमच्याकडून कोनी काही म्हनत असन तर मले नाव सांगा, मी पाहतो. त्याचा काही संबंध नाही.

पन काकाले एक विचारतो आता. काका तुमी शांततेचं बोलून राह्यले ना, कोर्टात काय झालं ते सांगा लोकाइले. बाजाराचा दिवस होता, चौक भरला होता, दोनशे माणूस. साक्षीदार लागले अकरा, त्यातले सात फितूर. पानठेलेवाला म्हने मी चुना आनाले गेल्तो, हाटेलवाला म्हने कढईकडं लक्ष होतं. कोनालेच काही आठवत नाही. आन तुमचं तं यादीतच नाव नाही, दुकान बरोब्बर समोर. आमी "विसरलो नाही" लिहिलं थे आरोपीसाठी नाही लिहिलं काका. थे तुमच्यासाठी लिहिलं, चौकासाठी. तुमी विसरले म्हनून.

चौकातलं कृषी केंद्र
दोन दिवस उत्तर दिलं नाही. लिहून खोडलं दोन वेळा.

दुकान उघडं होतं. एक कास्तकार फवारणीचा पंप दुरुस्तीला घेऊन आला होता, त्याचं वायसर बदलत होतो. आरडाओरडा झाला, मी बाहेर आलो, पाहिलं, आणि शटर अर्धं खाली ओढलं. अर्धं. त्या पोरानं माझ्या ओट्यावर हात टेकवला होता, शटरच्या खालून मला त्याची बोटं दिसत होती. मी पूर्ण शटर ओढलं नाही कारण त्याचा हात सापडला असता, आणि वर उचललंही नाही. रात्री पोलिस आले तेव्हा म्हटलं मी मागं गोडाऊनमधे खताच्या बॅगा मोजत होतो. कॅमेरा विचारला, म्हटलं डीव्हीआर बिघडला आहे. बिघडला नव्हता. पंधरा दिवसात त्याच्यावर नवीन रेकॉर्डिंग चढते, चढली.

का केलं ते सांगतो, माफी म्हणून नाही. दोन्ही मोहल्ल्यात माझी उधारी आहे, हंगामावर माल देतो, दिवाळीनंतर पैसे येतात. आणि पोरगी तेव्हा अकरावीला होती, त्याच चौकातून जायची. ओटा मी दुसऱ्या दिवशी स्वतः धुतला. त्याच ओट्यासमोर दरवर्षी बॅनर लागते आणि मी शांततेवर बोलतो.

जुना तंटामुक्तीवाला
साहेब तुम्ही खरं लिहिलं, त्याला हिंमत लागते. पण आता पुढं काही करू नका असा माझा सल्ला आहे. मघा धानपट्टा भाऊंनीच लिहिलं ना, साक्ष देणाऱ्या बाईचं काय झालं. तुम्ही उद्या कोर्टात उभे राहाल, वकील म्हणेल चार वर्षं झोपले होते का, केस उभी राहील न राहील, पण चौकात दुकान तुम्हालाच उघडायचं आहे. मेलेलं पोरगं परत येत नाही.

धानपट्टा
तिचं उदाहरण गप्प बसण्यासाठी वापरू नका हो. त्या बाईनं आख्ख्या गावासमोर साक्ष दिली, तिच्या बाजूनं उभा राहायला दहा माणसं असती तर ती आज असती असं मला वाटते. एकटीच होती म्हणून हात लावायची हिंमत झाली.

तालुका वकील
कायद्याचं तेवढं सांगतो, सल्ला प्रत्यक्ष भेटूनच घ्या. खटला संपलेला नसेल तर कोर्टाला कोणत्याही टप्प्यावर नवीन साक्षीदार बोलावता येतो, जुन्या सीआरपीसीत कलम 311, नवीन कायद्यातही ती तरतूद आहे. सरकारी वकिलांमार्फत अर्ज जाऊ शकतो. उशिरा का आलात हा प्रश्न नक्की विचारला जाईल आणि डीव्हीआरबद्दल खोटं बोललात ते तुमच्यावरही येऊ शकते, आधी स्वतःचा वकील करा. आणि साक्षीदार संरक्षण योजना 2018 ला सुप्रीम कोर्टानं देशभर लागू केली आहे, धमकीची भीती असेल तर अर्ज करता येतो, जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालची समिती त्यावर निर्णय घेते. आमच्याकडे असे अर्ज क्वचितच येतात, कारण लोकांना माहीतच नाही.

चौकातलं कृषी केंद्र
पुढची तारीख या महिन्यातच आहे. बायको म्हणते पोरीचं लग्न होऊ द्या. पोरगी म्हणते बाबा माझं नाव पुढं करू नका. वकीलसाहेब, तुम्हाला मेसेज केला आहे.

बॅनरबद्दल माझं मत अजूनही तेच आहे, वाघ आणि गॉगल चौकात नको.

स्टँडवरचा
काका तारखेले मी येतो सोबत, गाडीनं जाऊ. मी एकटाच येतो, पोरं आनत नाही.

पन बॅनर आमी पुढच्या करीले परत लावनार. वाघ काढतो. "विसरलो नाही" राहनार.