प्रतिसाद: ब्रिगिटे मीरा

वर जर्मन अभिनेत्री ब्रिगिटे मीराला 'एका सिनेमाची नटी' म्हटलंय, ते अजिबात पटलं नाही. हॅम्बुर्गमध्ये १९१० साली जन्मलेली ही बाई आधी ऑपेरेटा (हलकीफुलकी संगीत नाटकं) गाजवून आलेली. जर्मन दिग्दर्शक फासबिंडरच्या १९७४च्या 'आली: फिअर ईट्स द सोल' या चित्रपटातली सफाई कामगार एमी तिला मिळाली ती साठी उलटल्यावर! मोरोक्कोच्या तरुणाशी लग्न केलं म्हणून सहकारी बायका वाळीत टाकतात आणि ती जिन्यात एकटीच खात बसते, तिथे तिचा चेहरा बघाच. पुढे हीच एमी नव्या परदेशी बाईला तसंच एकटं पाडते, ते तर फारच लागतं. आणि बर्लिनच्या खाऊच्या टपरीवरची टीव्ही मालिका 'द्राय डामेन फोम ग्रिल'? त्यातली आजी तीच, १९७७पासून. घराघरांत ओळखली गेली ती त्यामुळे.