मदत हवी आहे: काल्पनिक पोथीचे नियम जुळत नाहीत

नमस्कार मंडळी. एक दीर्घकथा लिहितोय. तिच्या केंद्रस्थानी जुनी ताडपत्री पोथी आहे, अर्थातच काल्पनिक. जग कसं विणतात याची कृती तिच्यात आहे: काळ म्हणजे मागावर ताणलेले उभे धागे, घटना म्हणजे धोट्याबरोबर येणारे आडवे. कल्पना माझ्या पदरची नाही. बृहदारण्यक उपनिषदात गार्गी याज्ञवल्क्याला हेच विचारते, हे सगळं कशात विणलेलं आहे म्हणून.

घोडं अडलंय ते नकलेपाशी. पोथी उतरवून घेताना लेखनिकाची नजर एका शब्दावरून खालच्या ओळीतल्या तशाच शब्दावर घसरते आणि मधला मजकूर गळतो. खऱ्या हस्तलिखितांत हे सर्रास आढळतं. माझ्या कथेत अशी ओळ गळते आणि जगातून एक नदी नाहीशी होते. इथवर मजा येते. पण मूळ प्रत शाबूत असताना नदी जाते कुठल्या नियमाने? शेवटची नक्कल तेवढी खरी धरली, तर कोणीही उठून काहीही लिहील आणि कथेतला ताणच संपेल. काही सुचतंय का?

आणखी एक. दक्षिणेत ताडपत्रावर लोखंडी लेखणीने अक्षरं कोरून त्यांत काजळी भरत. काजळी पुसली गेली, तरी कोरलेलं अक्षर बोटाला जाणवतं का? नायिकेला अंधारात वाचायचंय. अशी पोथी हाताळलेल्यांनी कृपया सांगा. कागदाचा पर्याय नको, तो आधीच बाद केलाय.