फर्शीद मेस्गालींच्या काळ्या माशावर भित्तिफलक: मजकूर तपासून हवा, आणि पावसात ठसे कसे छापायचे?

देवगड_वाचनकट्टा
पाचवी ते सातवीची २६ मुलं, जुलैचा शेवटचा आठवडा. ‘माही सियाह कुचुलू’, म्हणजे छोटा काळा मासा, हे फर्शीद मेस्गालींच्या चित्रांचं इराणी पुस्तक वाचून दाखवणार आहे. नंतर मुलं आपापला मासा ठशाने छापतील आणि गोष्टीतल्या माशासारखी ओढ्यापासून समुद्रापर्यंतची रांग भिंतीवर लागेल. फलकावर असं लिहिलंय: ‘फर्शीद मेस्गाली, इराण. या पुस्तकासाठी १९७४ चा हान्स ख्रिश्चन अँडरसन पुरस्कार.’ बरोबर आहे का? ठसे कोरायची लिनो शीट इथे मिळत नाही, पर्याय काय? आणि शाई सुकेल का?

पानोपानी
बाई, फलक बदला. बालसाहित्याचा हा अँडरसन पुरस्कार एका पुस्तकाला मिळत नाही, तो चित्रकाराच्या एकूण कामासाठी असतो. १९७४ मध्ये तो मेस्गालींना मिळाला. चित्रकारांच्या विभागात आशियातले ते पहिले. जपानच्या अकाबांचा क्रमांक त्यानंतर, १९८० मध्ये. या पुस्तकातल्या चित्रांचा गौरव त्याआधीच, १९६९ मध्ये, बोलोन्याचा बालपुस्तक मेळा आणि ब्रातिस्लाव्हाचं बालचित्रांचं प्रदर्शन इथे झाला होता.

लेखकाचं नाव राहिलंय, ते हवंच: समद बेहरंगी. तबरीझचे, खेड्यांतल्या शाळांतले शिक्षक. पुस्तक १९६८ मध्ये आलं आणि त्याच वर्षी ते अरास नदीत बुडून गेले.

मेस्गालींचा जन्म इस्फहानचा, १९४३. तेहरान विद्यापीठात चित्रकला शिकले, नियतकालिकांसाठी चित्रं आणि मांडणी केली आणि मग ‘कानून’मध्ये आले. कानून ही मुलांच्या बौद्धिक विकासासाठी १९६५ मध्ये निघालेली संस्था. तिथे पुस्तकं, पोस्टर आणि अॅनिमेशनपट एकाच छपराखाली होत. इराणी दिग्दर्शक कियारोस्तामींचे पहिले लघुपटही तिथलेच. म्हणून मेस्गालींची चित्रं सजावटीची वाटत नाहीत, पोस्टरसारखी लांबून वाचता येतात. मोजके रंग, सपाट आकार, भरपूर कोरा कागद. मुलांना एवढंच दाखवलं तरी पुरे. १९७९ नंतर ते पॅरिसला आणि पुढे कॅलिफोर्नियात राहिले; फलकावर याला एक ओळ पुष्कळ.

जाता जाता: आपली ‘शाई’ ही फारसी ‘सियाही’च, म्हणजे काळेपणा. माशाच्या नावातला ‘सियाह’ तोच. आणि ‘माही’ आपल्या माहीमरातबात, म्हणजे माशाच्या मानचिन्हात, आहेच.

ठसेकाम
लिनोचा हट्ट नको. पाचवीला ३ मिमी फोम शीट द्या आणि संपलेल्या बॉलपेनने दाबून रेघा काढायला सांगा. हत्यार नाही, रक्त नाही. सातवीला पातळ रबर शीट आणि व्ही आकाराची कोरणी चालेल, पण ठसा टेबलाच्या कडेला अडकणाऱ्या फळीवर टेकवूनच, आणि दुसरा हात कायम कोरणीच्या मागे.

शाई: अर्धा कप पाण्यात १ चमचा कॉर्नफ्लोअर शिजवून गार करा. ही खळ आणि काळा पोस्टर कलर निम्मे-निम्मे. नुसता पोस्टर कलर पातळ पडतो, रेघांत उतरतो आणि मासा डागासारखा छापला जातो. शाई लादीच्या तुकड्यावर घेऊन रोलर फिरवा. बारीक चुरचुर आवाज आला की थर बरोबर. पचपच आवाज आला तर शाई जास्त झाली. कागद १२० जीएसएमचा, चकचकीत नको. वर कागद ठेवून स्टीलच्या चमच्याच्या पाठीने मधून कडेकडे घासा आणि एका कोपऱ्यातून उचला. पहिले दोन ठसे फिकेच येतात, ते धरू नका.

आता खरी अडचण दिशेची. ठसा उलटा छापतो. तुमची रांग मराठी, म्हणजे डावीकडून उजवीकडे जाणार. समुद्र उजव्या टोकाला. मग कागदावर माशाचं तोंड उजवीकडे हवं, म्हणजे फोमवर ते डावीकडे काढायचं. नावही उलटं. खिडकीच्या काचेवर कागद पालथा धरून गिरवून घेतलं की चुकत नाही. फारसी पुस्तक मात्र उजवीकडून उघडतं, तिथे ‘पुढे’ म्हणजे डावीकडे. मूळ पानं शेजारी लावलीत तर ती उजवीकडून डावीकडे लावा आणि खाली बाणाची चिठ्ठी ठेवा. नाहीतर मुलांना मासा समुद्राकडून ओढ्याकडे निघालेला दिसेल.

मोती_तलाव
शेजारी सावंतवाडीच्या दशावतारी गंजिफ्यातला, म्हणजे गोल पत्त्यांतला, मत्स्य ठेवा. १२० पानांत १० अवतार, प्रत्येकाची १२ पानं, आणि मत्स्याच्या पानांवर खूण माशांचीच. गंजिफा हा शब्दही इराणकडूनच आलेला. तोच मासा, पण तिथे गोल पानात बसवलेला आणि नक्षीने भरलेला. मेस्गालींचा मोकळ्या पानात सुटलेला. तुलना मुलांनाच करू द्या.

ओलीशाई
तेलाची शाई घेव नकात. पावसात पाच दिस झाले तरी बोट लावलास की काळां होता. खळ रोजच्या रोज करा, दुसऱ्या दिवशी आंबते. वर खळीच्या कागदाला बुरशी आणि कसर लगेच लागते. ठसे दोरीला चिमट्याने टांगून एक रात्र पंख्याखाली ठेवा. मगच एकावर एक, मध्ये बटर पेपर. आणि फलक समुद्राकडच्या भिंतीवर नको, तिथे ओल पाठीमागून येते.

देवगड_वाचनकट्टा
फलक नव्याने लिहिते. भिंतही बदलली, आता वर्गाच्या आतली. फोम ए-५ एवढा कापू की मोठा?

ठसेकाम
ए-६. मोठा घेतलात तर चमच्याचा दाब कडेपर्यंत सारखा पोचत नाही आणि शेपूट फिकी येते.