मदत हवी आहे : माईनक्राफ्टमधला रेडस्टोनचा सॉर्टर चेस्ट (पेटी) भरली की गंडतो

मंडळी, इथे माईनक्राफ्ट खेळणारं कोणी आहे का? किंवा घरात एखादं कार्टं खेळत असेल तर त्याला विचारून सांगा प्लीज, डोकं पिकलंय. भाच्याबरोबर सर्व्हायवल वर्ल्ड चालू आहे, तो नाशकात मी पुण्यात, रात्री जेवणं झाली की बसतो दोघं.

जे खेळत नाहीत त्यांच्यासाठी थोडक्यात, रेडस्टोन म्हणजे त्या दुनियेतली लाल पावडर. जमिनीखाली पार तळाशी, वाय (उंचीचा आकडा) उणे 59 च्या आसपास रग्गड सापडते, तिच्या दगडाला हात लागला की तो आपसूक उजळतो, आणि लोखंडी किंवा त्याहून भारी पिकॅक्स (टिकाव) नसेल तर दगड फुटतो पण हातात घंटा काही येत नाही. पावडर जमिनीवर पसरली की तार म्हणून चालते, सिग्नलचा जोर जास्तीत जास्त 15, पुढे दर ब्लॉकला एक एक कमी होत जातो. हीच पावडर होकायंत्राला लागते, घड्याळाला लागते, पोशनमध्ये (जादूच्या काढ्यात) टाकली की पोशन जास्त वेळ टिकतं. एकूण आपल्या हळदीसारखं, भाजीतही तीच आणि जखमेवरही तीच.

तर प्रॉब्लेम असा. आम्ही वस्तू आपोआप वेगळ्या करणारा सॉर्टर बांधला, नेहमीचाच, वरून हॉपरची (वस्तू पुढे सरकवणाऱ्या नरसाळ्यांची) रांग, त्याखाली प्रत्येक वस्तूचा एक फिल्टर हॉपर, मागे कंपॅरेटर, पावडर, रिपीटर (सिग्नल पुढे नेणारा), टॉर्च (ती पेटलेली असली की खालचा हॉपर बंद), खाली आणखी एक हॉपर आणि चेस्ट. लोखंड, सोनं, कोळसा, दगड अशा खेटून लाईनी आहेत. फिल्टरच्या पहिल्या खणात ती वस्तू आणि उरलेल्या चार खणांत अ‍ॅनव्हिलवर (ऐरणीवर) नाव बदललेले कागद, म्हणजे दुसरं काही आत शिरायला नको.

बरेच दिवस एकदम मख्खन चाललं. मग दगडाची चेस्ट गच्च भरली आणि शेजारची कोळशाची लाईन वेड्यासारखी वागायला लागली, फिल्टरमधला कोळसा सगळा खाली, त्यामागोमाग कागदही खाली, आणि मग रिकाम्या खणांत बिया, हाडं, सडकं मांस जे येईल ते. चेस्ट उघडली तर कोळशाच्या मध्ये आमचे "हात लावू नये" लिहिलेले कागद पडलेले. तोडून परत बांधलं, दगडाची चेस्ट भरली की परत तेच. भाचा म्हणतो आपण बेडरॉकवर खेळतो आणि ज्यावरून बांधलं तो व्हिडिओ जावाचा होता (गेमच्या या दोन वेगळ्या आवृत्त्या) म्हणून होतंय. खरं आहे का हे?

प्रतिसाद १ :
बेडरॉकचा काही संबंध नाही हो. जावात पिस्टन (ब्लॉक ढकलणारा) वरच्या ब्लॉकच्या पॉवरनेही हलतो आणि बेडरॉकमध्ये नाही, त्यामुळे गुप्त दरवाजे वगैरे फसतात, पण हा सॉर्टर दोन्हीकडे चालतो. एक सांगा, प्रत्येक खणात कागद किती ठेवलेत?

धागाकर्ता :
दोन दोन. एक ठेवला तर चुकून निघून जाईल असं वाटलं.

प्रतिसाद १ :
सापडलं मग. कंपॅरेटर हॉपर किती भरलाय ते मोजतो. पाच खण गुणिले 64 म्हणजे 320 वस्तू, आणि जोराचा हिशोब म्हणजे एकूण वस्तू भागिले 320, गुणिले 14, अधिक 1, अपूर्णांक सोडून द्यायचा. 23 ते 45 वस्तूंपर्यंत जोर 2, 46 वी आली की 3 होतो, खालचा हॉपर उघडतो, एक वस्तू खाली जाते आणि परत 2. इथपर्यंत तुमचं बरोबरच चालतं म्हणून लक्षात येत नाही. पण चेस्ट भरली की फिल्टरमध्ये दगड साठत साठत 64 होतो. एकेक कागद असता तर 64 अधिक 4 म्हणजे 68, जोर 3 च राहतो. तुमचे 8 कागद म्हणजे 72, जोर 4. तो जास्तीचा जोर, पावडर खेटून असल्यामुळे, एक ब्लॉक पुढे शेजारच्या लाईनीत जातो आणि तिचा हॉपर उघडा पडतो, मग तो रिकामा होईपर्यंत थांबतच नाही. 69 पासूनच हा घोळ सुरू होतो. प्रत्येक खणातला एक कागद काढा, बाकी कशाला हात लावू नका.

प्रतिसाद २ :
+१ वरच्यांना. शिवाय रांगेच्या शेवटी एक साधी चेस्ट लावा, भरलेल्या चेस्टचा माल तिथे जाईल, नाहीतर वरची अख्खी हॉपरची रांग दगडाने तुंबेल आणि मग म्हणाल आता काहीच पुढे सरकत नाही.

धागाकर्ता :
वा! आत्ताच कागद काढले, चेस्ट मुद्दाम भरून बघतोय, अजून तरी कोळसा जागेवर आहे. जाता जाता एक, नेदरमध्ये (गेममधल्या आगीच्या दुनियेत) जायचंय, आगीपासून वाचवणाऱ्या पोशनमध्ये रेडस्टोन टाकू की ग्लोस्टोन (दुसरी एक चमकती पावडर)? भाचा ग्लोस्टोनवर अडून बसलाय.

प्रतिसाद २ :
रेडस्टोन. 3 मिनिटांचं 8 मिनिटं होतं. ग्लोस्टोनने ताकद वाढते पण आगीच्या पोशनला दुसरी लेव्हलच नाही, त्यामुळे काही होणार नाही. वेगाच्या पोशनला चालतं ग्लोस्टोन, पण तिथे वेळ दीड मिनिटावर येतो आणि दोन्ही एकत्र टाकता येत नाहीत. भाच्याला सांगा लाव्ह्यात पोहायचंय, पळायचं नाहीये 😀