आयरिश नाव बारशाच्या पत्रिकेत: नियाम्ह, नीव्ह की नीव?

दांडियाबाजारकर
भावाची मुलगी डब्लिनला जन्मली, वहिनी आयरिश. नाव ठरलंय, स्पेलिंग एन-आय-ए-एम-एच. बारसं बडोद्यात, पत्रिका मराठीत. नाव छापायचं कसं? आजी अर्थ विचारतेय, तिला काय सांगू? आणि नक्षत्राच्या अक्षराशी जुळतं का?

खिळे_जुळारी
"नीव" छापा. म्हणताना ई नंतर पुसटसा अ येतो, नीअव. आयरिशमध्ये म मऊ झाला की त्याचा व होतो. जुन्या आयरिश टाइपात अशा म वर टिंब देत. रोमन टाइप रुळला तसं टिंबाच्या जागी एच आला. त्यामुळे तो एच वेगळा उच्चारायचाच नाही आणि "नियाम्ह" सपशेल चूक. "नीव्ह" चालेल, पण आपला व पुरेसा असताना जोडाक्षर कशाला? प्रुफात मात्र न वर अनुस्वार चढलेला नाही ना, ते बघा. हिंदी सवयीचा ऑपरेटर "नींव" करून ठेवतो, म्हणजे पाया!

सुरसागर_काठ
अर्थ तेज, झळाळी. आजींना "आपल्या दीप्तीसारखं" म्हटलं की पुरे.

आयरिश दंतकथेतली नीव सोनेरी केसांची. पांढऱ्या घोड्यावरून येते आणि वीर फिन मॅककूलचा मुलगा ओशीन याला तीर ना नोगला, म्हणजे चिरतारुण्याच्या देशात नेते. त्याला वाटतं तीन वर्षं झाली, इकडे आयर्लंडमध्ये तीनशे उलटलेली. घरच्या ओढीने परततो तेव्हा ती बजावते, घोड्यावरून उतरू नकोस. दगड उचलायला वाकतो, खोगिराचा पट्टा तुटतो, जमिनीला टेकताच जख्ख म्हातारा. आज प्रचलित असलेलं रूप बरंचसं मीहॉल कॉमिनच्या १७५० च्या सुमाराच्या काव्यातलं. त्यात ती तीर ना नोगच्या राजाची मुलगी आहे. समुद्रदेव मनन्नानची मुलगी असंही वाचायला मिळेल, गोंधळू नका.

रावपुरा_पंचांग
"नी" हे अनुराधेच्या दुसऱ्या चरणाचं अक्षर, रास वृश्चिक. मुलीचं नक्षत्र वेगळं असेल तर नावरस नाव निराळं ठेवा; ते कानात सांगायचं, पाळण्यात "नीव"च.

खरी चूक कागदांवर होते. तिकीट काढताना कोणीतरी उच्चाराप्रमाणे एन-डबल ई-व्ही टाकतं, मग पासपोर्टशी जुळत नाही. तिकीट, व्हिसा, ओसीआय (परदेशी नागरिक असलेल्या भारतीय वंशीयांचं कार्ड), सगळीकडे पासपोर्टवरचंच स्पेलिंग. नशीब, या नावात स्वरावरची तिरकी रेघ नाही. रोशीन किंवा शिनेडमध्ये ती असते, आणि पासपोर्टच्या तळाच्या मशीन-वाचनाच्या ओळीत गळते.