मित्रकीटक सोडले की कीड संपलीच पाहिजे का?

रानवाट: कालच्या पोस्टमध्ये एकाने लिहिलंय, ‘ढालकिडे सोडून महिना झाला, तरी मावा दिसतोच, जैविक नियंत्रण म्हणजे थोतांड.’ वाचून डोकंच फिरलं. अहो, किडीला खाणारे मित्रकीटक सोडून तिला आवरणं म्हणजे जैविक नियंत्रण. पिकाचा रस शोषणारा मावा पार संपला, तर त्याच्यावर जगणारा ढालकिडा खाणार काय? तो उपाशी मरेल नाहीतर उडून जाईल, आणि मावा पुन्हा आला की त्याला अडवायला कुणी उरणार नाही. कीड नुकसानीच्या पातळीखाली दबून राहिली की काम झालं! गणितज्ञ व्होल्तेरा यांनी १९२०च्या दशकातच गणिताने दाखवलं: भक्ष्य आणि भक्षक दोघांनाही सारखंच मारत राहिलात, तर सरासरीने भक्ष्य वाढतं आणि भक्षक घटतो. सरसकट फवारणीत दुसरं काय होतं?

फवारा: डोळ्यांदेखत पानं आकसतात तेव्हा सरासरी घेऊन काय करू? आणि ऑस्ट्रेलिया विसरलात? १९३५मध्ये उसावरच्या भुंगेऱ्यांसाठी केन टोड आणले. भुंगेरे राहिले बाजूलाच, ते विषारी भेक खाऊन तिथले साप आणि घोरपडी मेल्या.

पाणकळा: दर वेळी तोच भेक! तो तोंडात मावेल ते खातो, त्याला निवडणंच चूक होतं. वेडालिया ढालकिडा बघा. १८८८-८९मध्ये ऑस्ट्रेलियातून कॅलिफोर्नियात नेला, त्याने खवलेकीड आटोक्यात आणली आणि लिंबूवर्गीय बागा वाचल्या. १९४०च्या दशकात तिथेच डीडीटी हे कीटकनाशक मारलं, वेडालिया मेला आणि खवलेकीड परत उसळली.

गवत्या: मग गाजरगवत खाऊन संपवायला आणलेल्या मेक्सिकन भुंगेऱ्याचंही बोला. भारतात १९८४मध्ये सोडला, पुढे सूर्यफुलाची पानं खाताना सापडला.

पाणकळा: त्या पानांवर गाजरगवताचे परागकण पडले होते म्हणून. नुसत्या सूर्यफुलावर त्याची पिढी वाढत नाही.

गवत्या: ज्याचं पीक कुरतडलं गेलं त्याला परागकण सांगून बघा! आणि गवत तरी कुठे संपलं?

रानवाट: पुन्हा ‘संपलं’! भुंगेरा पावसाळ्यात गवत बोडकं करतो, पण कोरड्या दिवसांत जमिनीत सुप्तावस्थेत जातो. तेवढ्यात गवत डोकं काढतं.

पानामागे: फवारा भाऊ, तुम्ही नक्की मारलंत काय, हे बघितलंत का? माझ्या जास्वंदीवर पांढरे, कापूस लागल्यासारखे किडे होते. पिठ्या ढेकूण समजून चिरडणार, तोच एक तुरुतुरु पळाला. ढेकूण असा पळत नाही. भिंगातून बघितलं तर मेणाच्या धाग्यांखाली क्रिप्टोलिमसची, म्हणजे पिठ्या ढेकूण खाणाऱ्या ढालकिड्याची अळी, ढेकणाचीच अंडी खात होती. लोक सगळ्यात आधी तिलाच मारतात, जीव तुटतो.

फवारा: बरं, अळी ओळखून घेईन. पण कीड हाताबाहेर गेली तर मी फवारणारच.

रानवाट: फवारा की! निवडक औषध घ्या, फक्त लागण झालेल्या फांद्यांवर मारा. सगळं झाड भिजवू नका, एवढंच म्हणतोय.

गवत्या: सूर्यफुलवाल्याचं नुकसान कोण भरून देणार, ते कुणीच सांगितलं नाही.